प्राणहितेच्या काठची हाडे आणि ती सांभाळणारी संस्था

कोलकात्याच्या उत्तरेला बरानगर येथे बॅरकपूर ट्रंक रोडवर भारतीय सांख्यिकी संस्था आहे. नमुना पाहणी, पंचवार्षिक योजना आणि संभाव्यतेचे गणित यांसाठी ती जगभर ओळखली जाते. तिच्या भूशास्त्र संग्रहालयात मात्र एका अवाढव्य डायनासोरचा सांगाडा उभा आहे. त्याची हाडे बंगालमधली नाहीत. आपल्या गडचिरोली जिल्ह्याला खेटून वाहणाऱ्या प्राणहितेच्या खोऱ्यातून ती तिथे गेली. आकडेमोड करणाऱ्या संस्थेने हाडे का खणली आणि जवळजवळ सात दशके हे काम कसे टिकवले, ही हकीकत मराठी वाचकापर्यंत फारशी पोचलेली नाही. वास्तविक तिचा मोठा भाग आपल्याच मातीत घडला आहे.

संस्थेची स्थापना प्रशांतचंद्र महालनोबिस यांनी 1931 साली केली. महालनोबिस मुळात भौतिकशास्त्राचे प्राध्यापक, पण त्यांचे नाव लोकांच्या तोंडी राहिले ते माणसांच्या शरीराच्या मोजमापांमुळे. दोन मानवसमूह एकमेकांपासून किती वेगळे आहेत हे डोक्याची लांबी, नाकाची रुंदी अशा अनेक मापांवरून एकत्रितपणे ठरवण्याची रीत त्यांनी शोधली. 'महालनोबिस अंतर' म्हणून ती आजही शिकवली जाते. त्यांचे सहकारी सी. आर. राव यांनी सुदानमधल्या जेबेल मोया इथल्या प्राचीन सांगाड्यांच्या मोजमापांवर केंब्रिजमध्ये काम केले. तेव्हा या संस्थेला हाडांचे वावडे कधीच नव्हते. संख्याशास्त्र एकटे वाढत नाही, जीवशास्त्र, मानवशास्त्र, भूशास्त्र यांच्या सोबतीनेच ते वाढते, अशी महालनोबिसांची ठाम धारणा होती.

1957 साल या दृष्टीने मोलाचे ठरले. जीवशास्त्रज्ञ जे. बी. एस. हाल्डेन लंडनचे युनिव्हर्सिटी कॉलेज सोडून याच संस्थेत दाखल झाले. त्याच कॉलेजातल्या जीवाश्मतज्ज्ञ पामेला लॅम्प्लू रॉबिन्सन यांना महालनोबिसांनी बोलावून घेतले आणि भूशास्त्र विभागाची उभारणी त्यांच्यावर सोपवली. रॉबिन्सनबाई सरीसृपांच्या जाणकार होत्या. बाहेरच्या तज्ज्ञाने यावे, हाडे उचलावीत आणि मायदेशी न्यावीत, ही वसाहतकाळातली तऱ्हा होती. रॉबिन्सन यांनी ती मोडली. त्यांनी इथल्या तरुणांना खडक वाचायला, हाड सोडवायला आणि ते नीट वर्णन करायला शिकवले, आणि हाडे इथेच राहिली. सोहनलाल जैन, तपन रॉय चौधुरी, टी. एस. कुट्टी, शंकर चॅटर्जी ही सगळी नावे या शाळेतली. माझ्या मते विभागाच्या पुढच्या सगळ्या यशाचे मूळ या एका निर्णयात आहे.

जागा निवडली गेली प्राणहिता-गोदावरीचे खोरे. या निवडीमागे शंभर वर्षांची पूर्वपीठिका होती.

वर्धा आणि वैनगंगा एकत्र येऊन प्राणहिता होते आणि सिरोंचा व कालेश्वरम यांच्यामध्ये ती गोदावरीला मिळते. सिरोंच्याच्या उत्तरेला, नदीकाठी कोटा नावाचे छोटे गाव आहे. तिथल्या चुनखडकात माशांचे जीवाश्म सापडले आणि 1851 साली कर्नल साइक्स यांनी ते लंडनच्या भूशास्त्रीय सोसायटीपुढे मांडले. हे साइक्स म्हणजे दख्खनचे पक्षी, शेती आणि लोकसंख्या यांच्या नोंदी करणारे. माशांचे वर्णन सर फिलिप एगर्टन यांनी केले. जाड, चकचकीत, चौकटीसारख्या खवल्यांचे हे मासे त्यांना इंग्लंडच्या 'लायस' थरांतल्या माशांसारखे वाटले. लायस म्हणजे डॉर्सेटच्या किनाऱ्यावरचे तेच खडक, ज्यांच्यातून मेरी अॅनिंग या सुताराच्या मुलीने इक्थिओसॉर आणि प्लेसिओसॉर हे समुद्री सरीसृप बाहेर काढले आणि साऱ्या युरोपला थक्क केले. दोन खंडांमधल्या खडकांची सांगड एका माशाच्या खवल्यांवरून घातली गेली, ती अशी. कोटा थरांचे नेमके वय किती यावर नंतर बराच खल झाला, पण संस्थेच्या संशोधकांनी ते पूर्व ज्युरासिक, म्हणजे सुमारे 18 कोटी वर्षांपूर्वीचे मानले.

म्हणजे इंग्लंडच्या उथळ समुद्रात इक्थिओसॉर फिरत होते त्या युगात आपल्या सिरोंच्याच्या परिसरात नद्या होत्या, तळी होती, काठाने जंगल होते. समुद्री सरीसृप आपल्याकडे सापडतात ते दुसरीकडे. रिचर्ड लायडेकर यांनी 1879 साली तमिळनाडूतल्या क्रिटेशस थरांतून आलेल्या मणक्यांवरून एका इक्थिओसॉरचे वर्णन केले. 2017 साली दिल्ली विद्यापीठाचे गुंटुपल्ली प्रसाद आणि सहकाऱ्यांनी कच्छमधल्या लोडाई गावाजवळचा, सुमारे साडेपाच मीटर लांबीचा, बराचसा अखंड इक्थिओसॉर जगापुढे आणला. तो उत्तर ज्युरासिक काळातला. कच्छ समुद्राखाली होते आणि गडचिरोली जमीन होती. त्या जमिनीवर काय चालले होते हे कळायला कोट्याच्या थरांसारखी जागा देशात दुसरी नाही.

नागपूरचे स्टीफन हिस्लॉप यांना याची जाणीव लवकर झाली होती. हे स्कॉटिश मिशनरी 1845 मध्ये नागपूरला आले. शाळा चालवता चालवता त्यांनी आसपासचे खडक पालथे घातले. मांगली इथल्या एका उभयचर प्राण्याची कवटी त्यांच्या प्रयत्नांतून लंडनला पोचली आणि रिचर्ड ओवेन यांनी तिचे वर्णन केले. मालेरी गावाजवळची हाडे इंग्लंडचे जीवशास्त्रज्ञ हक्सली यांच्यापर्यंत गेली. सप्टेंबर 1863 मध्ये टाकळघाटची शिळावर्तुळे पाहून परतताना हिस्लॉप नाल्याच्या पुरात वाहून गेले. नागपूरचे हिस्लॉप कॉलेज त्यांच्या स्मरणार्थ आहे, पण तिथून बाहेर पडणाऱ्या किती विद्यार्थ्यांना हिस्लॉपांचे खडकांचे काम ठाऊक असते? पुढे भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या विल्यम किंग यांनी 1881 साली संपूर्ण खोऱ्याचा वृत्तान्त प्रसिद्ध केला. रॉबिन्सन आणि त्यांचे विद्यार्थी आले ते याच वाटेवरून.

1958 पासून मोहिमा सुरू झाल्या. पोचमपल्ली गावाजवळ, कोटा थरांच्या खालच्या भागात, हाडांचा एक मोठा साठा लागला आणि 1961 पर्यंत तो खणून काढला गेला. सुमारे 300 हाडे, तीही एकमेकांत मिसळलेली. सोबत दगड झालेले झाडांचे ओंडके होते. एकाच जागी इतके प्राणी आणि इतकी झाडे आली ती पुराच्या पाण्याने, असा निष्कर्ष निघाला.

जीवाश्म झालेले हाड दगडासारखे जड असते, पण दगडासारखे भक्कम नसते. त्यात बारीक चिरा असतात आणि हवेला उघडे पडले की ते ढासळते. म्हणून आधी ब्रश आणि बारीक टोच्याने वरचा भाग मोकळा करतात, चिरांमध्ये पातळ डिंकासारखे द्रावण मुरवतात. मग चारी बाजूंनी माती खणून हाड मातीच्या ओट्यावर उरेल असे करतात. त्यावर ओला कागद चिकटवायचा आणि कागदावर प्लास्टरमध्ये बुडवलेल्या गोणपाटाच्या पट्ट्या गुंडाळायच्या. प्लास्टर वाळले की ओटा खालून कापायचा, सगळा डोलारा एका दमात उलटा करायचा आणि दुसऱ्या बाजूलाही तसेच प्लास्टर चढवायचे. मांडीचे हाड पावणेदोन मीटरच्या आसपास लांब असेल तर हे काम किती माणसांचे आणि किती धीराचे, याची कल्पना यावी. उलटवताना एक हिसका चुकला तरी अठरा कोटी वर्षे टिकलेली वस्तू क्षणात भुगा होते.

मिसळलेल्या हाडांत प्राणी किती, हे कसे ठरवायचे? त्याची रीत साधी आणि चोख आहे. एका प्राण्याला डावी मांडी एकच असते. तेव्हा शरीरात एकदाच येणारे हाड धरायचे आणि ढिगात ते किती वेळा आले ते मोजायचे. या हिशेबाने पोचमपल्लीच्या ढिगात किमान सहा प्राणी निघाले. संख्याशास्त्राच्या संस्थेत या कामाला घर का मिळाले, हे इथे आपसूक पटते.

1961 हे रवींद्रनाथ टागोरांच्या जन्मशताब्दीचे वर्ष. मोठ्या मांडीमुळे बंगाली सहकारी ज्याला आपसात 'बडा पा' म्हणत, त्या प्राण्याला 1975 साली जैन, कुट्टी, रॉय चौधुरी आणि चॅटर्जी यांनी लंडनच्या रॉयल सोसायटीच्या नियतकालिकात 'बारापासॉरस टागोरेई' असे नाव दिले. जगातल्या सुरुवातीच्या सॉरोपॉडांपैकी, म्हणजे लांब मानेच्या, चार पायांवर चालणाऱ्या महाकाय शाकाहारी डायनासोरांपैकी, हा एक. लांबी बारा ते चौदा मीटर. कवटी सापडली नाही, फक्त काही सुटे दात मिळाले. 1970 च्या दशकात संस्थेने खऱ्या हाडांचा सांगाडा जोडून उभा केला. भारतात असे काम तोवर झाले नव्हते. ते परदेशी कारागिराकडून करून घेतले नाही, हे मला विशेष वाटते.

दरम्यान खोऱ्यातल्या आणखी जुन्या थरांत, मालेरीच्या तांबड्या मातीत, दुसरे काम चालू होते. हे थर ट्रायासिक काळातले, वीस कोटी वर्षांहून जुने. इथे 'फायटोसॉर' नावाचे, सुसरीसारख्या लांब तोंडाचे पाणथळ सरीसृप मिळाले. त्यांतल्या पॅरासुकस या प्राण्याच्या जातीला लायडेकर यांनी 1885 सालीच हिस्लॉप यांचे नाव दिले होते. चॅटर्जींनी अभ्यासलेले पॅरासुकसचे दोन सांगाडे शेजारी शेजारी, जवळपास अखंड होते. त्यांच्या पोटाच्या जागी आणखी एका छोट्या सरीसृपाची हाडे निघाली. मेलेल्या जनावराचे शेवटचे जेवण वीस-बावीस कोटी वर्षांनी जसेच्या तसे हाती यावे, असे फार क्वचित घडते. त्या छोट्या प्राण्याचे वर्णन 1980 साली झाले आणि नाव ठेवले गेले 'मालेरीसॉरस रॉबिन्सनी'. पाहुण्या मिशनऱ्याच्या नावाच्या प्राण्याच्या पोटात गुरूच्या नावाचा प्राणी!

या सगळ्यासोबत विभागात गाळाच्या खडकांचा अभ्यास आणि वाहत्या पाण्यातून वाळू कशी वाहते याचे प्रयोगही चालत. खोऱ्याचे नकाशे तयार झाले, थर एकमेकांशी जुळवले गेले. हाड कोणत्या थरातून आले याची पक्की नोंद नसेल तर हाडाची किंमत निम्म्याने घटते, हे या लोकांना पक्के ठाऊक होते. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे लोकही त्याच खोऱ्यात होते. यादगिरी यांनी 1988 मध्ये वर्णन केलेला कोटासॉरस आज हैदराबादच्या बिर्ला विज्ञान केंद्रात उभा आहे. कोटा थरांतून मिळालेल्या एका प्राचीन सस्तन प्राण्याच्या दाताला 1981 साली दत्ता यांनी हाल्डेन यांचे नाव दिले.

विदर्भातला दुसरा अध्याय डोंगरगावचा. चंद्रपूर जिल्ह्याच्या वरोरा तालुक्यात पिसदुरा आणि डोंगरगाव ही दोन गावे आहेत. इथले 'लमेटा' थर क्रिटेशस काळाच्या अखेरचे, दख्खनच्या लाव्हाच्या जरासे आधीचे आणि त्याच्याखाली दबलेले. पिसदुऱ्याचे नाव जीवाश्मशास्त्राला एकोणिसाव्या शतकापासून माहीत आहे. तिथल्या शेतांत डायनासोरांची वाळून दगड झालेली विष्ठा मिळते आणि 2005 साली तिच्यात गवताचे सूक्ष्म अवशेष आढळल्याने मोठी खळबळ उडाली, कारण गवत त्याहून बरेच अलीकडचे, असा समज होता. डोंगरगावच्या टेकडीवर जैन यांच्या चमूने 1984 ते 1986 या काळात एकाच प्राण्याची बरीच हाडे खणून काढली. मान, पाठ, माकडहाड आणि शेपटीचे मणके, बरगड्या, कंबर, खांदा आणि पुढचा पाय मिळाले. डोके आणि मागचे पाय नव्हते. भारतातल्या टायटनोसॉर नावाच्या सॉरोपॉडांची हाडे तोवर सुटी सुटीच मिळत, आणि कोणते हाड कोणाचे यावर वाद रंगत. इथे प्रथमच बरेचसे शरीर एका जागी हाती आले. प्राणी ठेवणीतही वेगळा होता, मान आखूड आणि पुढचे पाय लांब.

1997 साली जैन आणि शाश्वती बंद्योपाध्याय यांनी त्याचे वर्णन छापले. 2003 साली विल्सन आणि अपचर्च या परदेशी अभ्यासकांनी टायटनोसॉरांची फेरतपासणी केली तेव्हा हा प्राणी निराळ्या वंशाचा ठरला आणि त्यांनी त्याला 'इसीसॉरस' नाव दिले. संस्थेच्या इंग्रजी नावाच्या आद्याक्षरांवरून, आय. एस. आय. वरून. डायनासोरच्या नावात एक संशोधन संस्था कायमची कोरली गेली, आणि तो डायनासोर आपल्या चंद्रपूर जिल्ह्यातला आहे.

संस्थेच्या कामात एक उणीव दिसते, तीही सांगितली पाहिजे. बारापासॉरसची हाडे 1961 पर्यंत हाती आली, पण सर्व हाडांचे सविस्तर वर्णन प्रसिद्ध झाले 2010 साली, बंद्योपाध्याय, जिलेट, संघमित्रा राय आणि धूर्जटी सेनगुप्ता यांच्या हातून. जवळपास पन्नास वर्षांचा हा काळ. तेवढ्या अवधीत चीन आणि अर्जेंटिना कुठल्या कुठे गेले. मनुष्यबळ थोडे आणि हाडे डोंगराएवढी, हे कारण खरे असले तरी हा उशीर महागात पडला, असे मी स्पष्टपणे म्हणेन.

तरीही 2010 मध्ये हे काम होऊ शकले ते हाडे शाबूत होती म्हणून. प्रत्येकाला क्रमांक होता, जागेची नोंद होती, आणि मूळ चमूतले लोक निवृत्त झाल्यावरही पेट्या कुणी हलवल्या नव्हत्या. 2007 साली याच खोऱ्यातल्या धर्मारम थरांतल्या दोन डायनासोरांना नावे मिळाली. एकाला लॅम्प्लूसॉरा, पामेला लॅम्प्लू रॉबिन्सन यांच्या स्मरणार्थ. दुसऱ्याला प्रधानिया, आणि हे नाव मला सगळ्यांत भावते. प्रधान हे प्राध्यापक नव्हते. संस्थेच्या मोहिमांत हाडे शोधणारे आणि गोळा करणारे कर्मचारी होते. उन्हात वाकून जमीन न्याहाळणारी नजर ज्याची, त्याला शास्त्राच्या कायमच्या नोंदीत जागा देणे, ही संस्थेची रीत इतरांनी उचलावी अशी आहे. 2011 साली नंबालिया रॉयचौधुरी हा डायनासोर आला. 2025 साली मालेरी थरांच्या वरच्या भागातून 'मालेरिरॅप्टर कुट्टी' या सुमारे 22 कोटी वर्षांपूर्वीच्या मांसाहारी डायनासोरचे वर्णन रॉयल सोसायटीच्या नियतकालिकात आले. त्यात अर्जेंटिनाचे आणि संस्थेचे संशोधक एकत्र होते. ज्या कुट्टींच्या पायाखालून हे खोरे अनेक वेळा गेले, त्यांचे नाव अशा रीतीने त्याच खोऱ्यातल्या प्राण्याला लागले.

कोल्हापुरात बसून हे लिहिताना एक गोष्ट सतत जाणवते. आपल्या पायाखाली हे सगळे युगच नाही. दक्षिणेला काही ठिकाणी कलादगीचे अतिप्राचीन खडक उघडे पडतात, त्यात सरीसृपांचा प्रश्नच येत नाही. मग एकदम दख्खनचा काळा पाषाण आणि त्याच्या माथ्यावर जांभा. भूशास्त्रज्ञांच्या यादीत लाव्हाच्या वरच्या थरांच्या एका गटाला 'पन्हाळा' हेच नाव आहे. आजच्या कालमापनानुसार हे थर पसरले तेव्हा डोंगरगावचा इसीसॉरस आणि त्याचे भाऊबंद संपून गेले होते. जोतिबाच्या डोंगरावर कितीही फिरलो तरी डायनासोर सापडणार नाही. त्यासाठी राज्याच्या दुसऱ्या टोकाला जावे लागते आणि तिथे कोल्हापूरकर फारसा जात नाही. भूगोलाच्या सहली महाबळेश्वर आणि कोकणाकडे वळतात. त्यातली एखादी सिरोंच्याला गेली तर विद्यार्थ्यांना एका जिल्ह्यात ज्युरासिक मासे, दगड झालेले वृक्ष आणि प्राणहिता-गोदावरीचा संगम असे सगळे पाहता येईल. सिरोंच्याजवळ वडधम इथे दगड झालेल्या ओंडक्यांचे जीवाश्म उद्यान आहे.

डोंगरगावच्या मुलांना त्यांच्या टेकडीतला प्राणी पाहायला कोलकात्याला जावे लागू नये. मूळ हाडे बरानगरलाच राहू देत, तिथे ती नीट सांभाळली गेली आहेत. पण त्यांच्या प्रतिकृती करणे आज अवघड नाही. त्रिमितीय मोजणी करून हुबेहूब साचे काढता येतात. भारतीय सांख्यिकी संस्था, गडचिरोलीचे गोंडवाना विद्यापीठ आणि राज्य सरकार यांनी मिळून इसीसॉरसचा सांगाडा चंद्रपूर जिल्ह्यात आणि बारापासॉरसचा सिरोंच्यात उभा करावा, अशी माझी जाहीर मागणी आहे. शेजारी प्रधानांचे आणि त्या मोहिमांत घमेली उचललेल्या गावकऱ्यांचे काम सांगणारा मराठी, तेलुगू आणि गोंडी फलक असावा.

आणि जे वाचक खरोखरच त्या बाजूला जातील त्यांना एक विनंती. नदीकाठी, शेताच्या बांधावर किंवा खडकात हाडासारखे काही दिसले तर ते उपटू नका, घरी आणू नका. जागेसकट छायाचित्र घ्या, जवळची खूण टिपून ठेवा, आणि तिथल्या वनविभागाला किंवा नागपूरच्या भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या कार्यालयाला कळवा. थरातून सुटलेले हाड पुन्हा थरात बसवता येत नाही.